नागांच्या पूर्वजांना घरी आणण्यासाठी आपणही बोलायला हवं

मा. संपादक,
स.न.वि.वि.

जुलै २०२४ मध्ये लंडनच्या व्हिक्टोरिया अँड अल्बर्ट म्युझियममधून वाघनखं साताऱ्यात आली, तीही तीन वर्षांच्या बोलीवर, तरी आम्हा सातारकरांना किती भरून आलं होतं. आणि त्यानंतर तीनच महिन्यांत, ऑक्टोबरमध्ये, इंग्लंडमधल्या एका लिलावाच्या यादीत ईशान्येतल्या नागा जमातीच्या एका माणसाची कवटी लागली होती, शिंगं बसवलेली, अंदाजे किंमत साडेतीन ते चार हजार पौंड. माणसाचं डोकं विकायला! नागालँडचे मुख्यमंत्री नेफियू रिओ यांनी परराष्ट्रमंत्री जयशंकर यांना पत्र लिहिलं, नागा समाजात सलोख्यासाठी काम करणाऱ्या फोरम फॉर नागा रिकन्सिलिएशनने आवाज उठवला, तेव्हा कुठे ती यादीतून काढली. आपल्याकडे किती जणांना हे माहीत आहे?

ती एक कवटी निदान विकली तरी गेली नाही, पण ऑक्सफर्डच्या पिट रिव्हर्स म्युझियममध्ये साडेसहा हजारांच्या आसपास नागा वस्तू आहेत आणि त्यात दोनशेहून जास्त तर माणसांचे अवशेष आहेत. हटन आणि मिल्स या इंग्रज अधिकाऱ्यांनी यातलं बरंच जमवलं, आणि ज्याच्या हातात राज्य आहे तो साहेब दारात येऊन मागतो तेव्हा गावकऱ्यांनी खुशीने दिलं असं मानायला माझं मन तरी धजत नाही. २०२० मध्ये म्युझियमने हे अवशेष डिस्प्लेवरून काढले. चांगलं केलं, पण ते काचेमागून गोडाऊनमध्ये गेले, घरी नाही.

कोणी म्हणेल ही डोकी तर नागांनीच लढायांमध्ये एकमेकांची कापलेली, इंग्रजांना कशाला बोल लावायचा. काही कवट्या तशा असतीलही. पण मग ती परत करायची कोणाला, ज्या गावाने कापली त्यांना की ज्या गावचा माणूस मेला त्यांना? हा प्रश्न नागा लोक स्वतःच विचारतायत, गावोगावी जाऊन म्हाताऱ्याकोताऱ्यांशी बोलतायत, आणि आता बहुतेक समाज ख्रिश्चन झालाय, जुने विधी करणारे फारसे उरले नाहीत, तर पुरायचं कसं, प्रार्थना कोणती म्हणायची यावरही चर्चा चालू आहे, शिवाय नागा फक्त नागालँडमध्ये नाहीत, मणिपूर, आसाम, अरुणाचल आणि पलीकडे म्यानमारमध्येही आहेत. जून २०२५ मध्ये त्यांचं शिष्टमंडळ ऑक्सफर्डला गेलं, तिथे आपल्या पूर्वजांचे अवशेष प्रत्यक्ष पाहिले आणि ते परत हवेत असा जाहीरनामा काढला. त्या खोलीत त्यांचं काय झालं असेल याचा विचार करून मला अजून कसंतरी होतं.

माझं म्हणणं एवढंच की दिल्लीने कागदपत्रं, वाहतूक, खर्च यात पूर्ण मदत करावी, पण काय आणि कुठे ठेवायचं किंवा पुरायचं ते नागांनाच ठरवू द्यावं, नाहीतर इथल्या एखाद्या मोठ्या म्युझियमच्या कपाटात ठेवून वर परदेशातून मूर्ती परत आणल्यावर काढतात तसे फोटो काढून मोकळे होतील. मूर्ती आणि माणूस यात फरक आहे. महाराष्ट्राच्या ज्या खासदारांनी वाघनखांसाठी आणि रघुजी भोसल्यांच्या तलवारीसाठी अभिमानाने भाषणं केली त्यांनी संसदेत हा प्रश्न विचारावा, आणि परराष्ट्र खात्याने रिओंच्या त्या पत्रानंतर आजवर नेमकं काय केलं ते लेखी मागावं.

आपला,
एक वाचक, सातारा