चिकटपट्टीवरच्या तीन ओळींसाठी, काकांना

काका, साष्टांग नमस्कार.

फोनवर तुम्ही मला बोलूच देत नाही. "बरं झालं, ठेव आता" म्हणता आणि गुडघ्याचं नाहीतर हवेचं काढता. म्हणून लिहितोय, आणि चारचौघांना वाचता येईल असं लिहितोय. तुम्ही काय केलंत ते लोकांना कळायला हवं. शिवाय इथे अमेरिकेत, विस्कॉन्सिन राज्यात मॅडिसन-मिलवॉकीकडे नव्याने येणाऱ्या मराठी मंडळींत काहींना रानाची, शिकारीची ओढ असते, आणि त्यांना सुरुवातीला जी माणसं भेटतात ती तुमच्यासारखी नसतात.

मला जो पहिला भेटला त्याने किकापू नदीच्या खोऱ्यातला जमिनीचा एक तुकडा शिकारीच्या हंगामापुरता भाड्याने दिला. जमीन दाखवायच्या आधी त्याने फोटो दाखवले. ट्रेल कॅमेऱ्यातले, म्हणजे रानात झाडाला बांधून ठेवतात आणि जनावर पुढे आलं की आपोआप फोटो काढतो त्या कॅमेऱ्यातले, रात्रीचे, राखाडी. पांढऱ्या शेपटीच्या हरणाचे दांडगे नर, एकेकाच्या डोक्यावर शिंगांचा एवढा पसारा की मान कशी पेलते असं वाटावं. हे सगळे इथे रोज येतात, म्हणाला. पैसे आधी घेतले. त्या जमिनीवर मला माद्या दिसल्या, पाडसं दिसली, कुणाची तरी मोकाट कुत्री दिसली. नर नाही. फोन केला तर उचलेना, आणि उचलला तेव्हा म्हणाला, "चांगले कॅमेरे घ्या." दुकानात गेलो, तर तिथल्या माणसाने रान कसलं, मोबाइलला रेंज येते का, यातलं काही न विचारता थेट फोनवर फोटो पाठवणारे सगळ्यांत महाग कॅमेरे गळ्यात मारले. शिकाऱ्यांच्या एका ऑनलाइन गटात विचारलं. असली माहिती फुकट मिळत नसते, असं उत्तर आलं. एकाने माझ्या आडनावावरून जे लिहिलं ते मी घरीही सांगितलेलं नाही.

ते फोटो मी तुम्हाला गेल्या वर्षी गणपतीत दाखवले. आरती झाली होती, तुम्ही कोपऱ्यात चहाचा कप घेऊन बसला होता. चष्मा चढवलात, एका फोटोवर बोट ठेवलंत आणि म्हणालात, "तारीख वाच." नोव्हेंबर. "आता शिंगं बघ." शिंगांवर मखमल होती. या नरांची शिंगं दरवर्षी गळतात आणि नव्याने येतात. वाढताना त्यांच्यावर मखमली कातडी असते, ती ऑगस्टच्या शेवटी, सप्टेंबरात सुटते. नोव्हेंबरात धडधाकट नर माजावर असतो, त्याची मान फुगलेली असते आणि शिंगं झाडाच्या खोडांवर घासून उघडी झालेली असतात. दुसऱ्या फोटोच्या कोपऱ्यात मका टाकायच्या पिंपाचा पाय दिसत होता. सीडब्ल्यूडी या हरणांच्या मेंदूच्या रोगामुळे त्या काउंटीत चारा टाकून हरणं बोलवायला बंदी आहे. २००२ साली हा रोग विस्कॉन्सिनमध्ये सापडला, त्यावर औषध नाही, आणि हरणं एका जागी तोंडाला तोंड लावून खायला लागली की तो पसरतो. म्हणजे एक तर फोटो भलतीकडचे होते, नाहीतर तो माणूस कायदा मोडत होता. इतके दिवस मला कुणी सांगितलं नाही ते तुम्ही चहा निवायच्या आत सांगितलंत. आणि हसला नाहीत. "पैसे गेले ना? जाऊ दे. रविवारी ये," एवढंच म्हणालात.

त्या रविवारपासून तुम्ही मला जे दिलंत ते सगळं इथे मांडत नाही. कॅमेऱ्याचं तोंड उत्तरेकडे का ठेवायचं, म्हणजे ऊन थेट भिंगात येत नाही, हे कुणीही सांगेल. कॅमेऱ्यातलं फोटोंचं कार्ड काढायला भर दुपारी जायचं, पाऊस येणार असेल तर फारच उत्तम, कारण आपला वास धुऊन जातो, हेही सांगतील. पण तुम्ही फोटो बघायला शिकवलंत. मी आपला शिंगांची टोकं मोजत बसायचो. तुम्ही म्हणायचात, "शिंगं झाक, पाठ बघ." दीड वर्षाचा नर म्हणजे शिंगं लावलेली मादीच, लांब पाय आणि बारीक मान. तीन वर्षांचा पैलवानासारखा, छाती भरलेली, पोट आत. पाच-सहा वर्षांच्या नराची पाठ किंचित खोलगट होते, पोट सुटतं, मान छातीत कुठे मिसळते ते कळत नाही, आणि त्यामुळे पाय आखूड वाटायला लागतात. गेल्या हंगामात माझ्या समोरून तो देखणा दहा टोकांचा नर गेला. तुमचं ऐकून मी त्याची पाठ बघितली, अजून तरुण होता, आणि बंदूक उचलली नाही. संध्याकाळी सांगितलं तेव्हा तुम्ही काकूंना हाक मारून म्हणालात, "याला जेवायला वाढ."

आणखी एक वाक्य मला रोज आठवतं: "फोटो म्हणजे तो इथे होता. इथे आहे असं नाही." हंगाम सुरू झाला की तुम्ही फोनवर फोटो पाठवणारे कॅमेरे बंद करता. कायद्याने सांगितलंय म्हणून नाही. आत्ता तो खिंडीत उभा आहे हे फोनवर कळल्यावर जाऊन त्याला गाठायचं, हे तुमच्या मनाला पटत नाही. थिओडोर रूझवेल्ट यांनी १८८७ मध्ये बून अँड क्रॉकेट क्लब काढला तेव्हापासून इथल्या जाणत्या शिकाऱ्यांचा हाच आग्रह आहे, की जनावराला निसटायची खरी संधी असली पाहिजे. ॲरिझोनाने तर २०२२ पासून शिकारीसाठी ट्रेल कॅमेरा वापरायलाच बंदी घातली. तुम्हाला ती बंदी जरा जास्त वाटते, आपण त्यावर गाडीत भांडलोही आहोत. पण स्वतःपुरती रेघ तुम्ही फार आधी ओढून ठेवली आहे.

त्याच गाडीतल्या गप्पांत तुम्ही मला जॉर्ज शायरस सांगितले. शेजारच्या मिशिगनमध्ये याच हरणांचे रात्रीचे फोटो काढणारा माणूस. जनावराचा धक्का तारेला लागला की उजेड पडायचा आणि फोटो निघायचा. १९०६ च्या जुलैमध्ये नॅशनल जिओग्राफिकने त्यांचे ७४ फोटो छापले. आधी ते शिकारी होते, मग बंदूक ठेवून कॅमेऱ्याच्या मागे लागले. आज ताडोबात झाडांना बांधलेल्या कॅमेऱ्यांतून पट्ट्यांवरून वाघ ओळखतात, त्याची सुरुवात या हरणांपासून झाली, हे सांगताना तुमचा आवाज चढला होता. माणदेशातून निघून इतकी वर्षं झाली, पण तिकडच्या आणि इकडच्या रानाचा धागा जुळला की तुम्हाला होणारा आनंद बघण्यासारखा असतो.

इथे वाचणाऱ्यांपैकी काहींना शिकार हा शब्दच नकोसा वाटेल, हे मला ठाऊक आहे. माझ्या आईलाही वाटतो. १९७२ च्या कायद्याने आपल्याकडे शिकार बंद केली ते योग्यच केलं, आपल्याकडे जंगल आणि जनावर दोन्ही थोडं उरलं होतं. इथली परिस्थिती उलटी आहे. एकोणिसाव्या शतकाच्या शेवटी बेसुमार शिकारीने ही हरणं कित्येक राज्यांतून जवळपास संपली होती. मग नियम आले, परवाने आले, १९३७ च्या पिटमन-रॉबर्टसन कायद्याने बंदुका-काडतुसांवरच्या कराचा पैसा वन्यजीवांकडे वळवला, आणि आज हरणं इतकी आहेत की शेतं आणि कोवळी झाडं त्यांना पुरत नाहीत. हे मी तुमच्याकडूनच शिकलो. ज्यांना पटत नाही त्यांच्याशी माझं भांडण नाही.

आता मुद्द्याचं. इथे शेजारी तुम्हाला ट्रॅक्टर उसना देईल, बर्फात अडकलेली गाडी ओढायला मध्यरात्री येईल, पण म्हातारा नर कुठल्या खिंडीतून जातो ते भावालाही सांगणार नाही. तुम्ही मला उजव्या कानाला चीर असलेल्या त्या नराचे चार वर्षांचे फोटो दिलेत. कोवळा होता तेव्हापासूनचे. दर नोव्हेंबरात, साधारण त्याच आठवड्यात, त्याच खिंडीत. हे तुमचं होतं, तुमच्या गुडघ्यांनी कमावलेलं. आणि यंदा गुडघ्याची शस्त्रक्रिया ठरली तेव्हा म्हणालात, "माझ्याने यंदा चढवणार नाही. तू बस तिथं." अट नाही, वाटा नाही.

ऑक्टोबरात मी पहिल्यांदा एकटा त्या धारेवर गेलो. कॅमेऱ्याचं झाकण उघडलं. आत, सेलच्या वर, पांढरी चिकटपट्टी लावलेली, आणि तिच्यावर बॉलपेनने तुमचं अक्षर:

"वारा वायव्येचा असेल तरच बस.
नाहीतर घरी जा, चहा पी.
उतरताना डावीकडचा दगड हलतो."

मी तिथेच पालापाचोळ्यात बसलो. पट्टी कोरी करकरीत होती, जुनी पिवळी पडलेली नव्हती. म्हणजे शस्त्रक्रियेच्या आधी, जिना उतरायलाही त्रास होत होता तेव्हा, तुम्ही ती चढण चढून वर आला होता. वाऱ्याचं तुम्ही फोनवर सांगू शकला असता. बहुतेक सांगितलंही होतं. पण दगड! मी तिथे एकटा असेन, अंधार पडल्यावर उतरेन, पाय कुठे ठेवेन, हे कुणीतरी माझ्या आधी तिथे उभं राहून मनात आणलं होतं. ज्याने माझ्याकडून हंगामाचं भाडं घेतलं त्याने त्याच्या जमिनीतली पडकी विहीर मला सांगितली नव्हती, ती मला पावसात सापडली. काका, या देशात आल्यापासून मला पुष्कळांनी मदत केली, फॉर्म भरून दिले, विमानतळावर आणायला आले, त्या सगळ्यांचा मी ऋणी आहे. पण त्या दगडाच्या ओळीने मला जसं रडवलं तसं कशाने रडवलं नाही. मराठीत लिहिलेलं होतं म्हणून असेल, किंवा आजोबा शेतात पाठवताना असंच काहीतरी सांगायचे म्हणून असेल. सांगता येत नाही, आणि शोधायचंही नाही.

चांगुलपणा म्हटलं की आपण मोठ्या देणग्या आणि मोठी कामं धरून बसतो. मला आता वाटतं, जाणत्या माणसाने नवख्याला हसू नये, त्याला खोटं दाखवू नये, आणि आपल्याला ठाऊक असलेला धोका त्याला आधी सांगावा, इतकं झालं तरी पुष्कळ माणसं निराश न होता शिकतील. १९७३ पासून पुढे जन्मलेल्यांना इथे शिकारीच्या सुरक्षेचं प्रशिक्षण सक्तीचं आहे. तुम्हाला ते नव्हतं, तरी तुम्ही ते घेतलंत, आणि माझ्या वर्गाच्या दिवशी मागच्या बाकावर पुन्हा येऊन बसलात. अशा माणसांवरच कुठलंही रान टिकतं.

पुढचं तुम्हाला ठाऊकच आहे. नोव्हेंबरात वारा दक्षिणेचा लागला की मी घरी गेलो आणि चहा प्यायलो. थँक्सगिव्हिंगच्या आधीच्या शनिवारी बंदुकीचा हंगाम उघडला, रात्री वारा फिरून वायव्येचा झाला होता, आणि उजाडताना तो खिंडीतून आला. कानाची चीर दिसली. एकच बार. तो फार लांब गेला नाही. तुम्ही काठी टेकत गोठ्याच्या दारापर्यंत आलात, त्याचा जबडा उघडून दातांची झीज बघितलीत आणि म्हणालात, "साडेसहा तरी असेल. चांगलं जगला." मग बराच वेळ त्याच्या मानेवर हात ठेवून उभे होता. तेव्हा मला जे बोलायचं होतं ते बोलता आलं नाही, ते हे सगळं.

डोकं तपासणीला दिलं होतं, त्याचा निकाल काल आला. सीडब्ल्यूडी आढळला नाही. शनिवारी मटण घेऊन येतो, रस्सा मात्र काकूंच्याच हातचा हवा. तो दहा टोकांचा नर हंगाम संपल्यानंतरच्या कार्डावर दिसलाय, लंगडत नाही, अंगाने भरलाय. कॅमेऱ्यात लिथियमचे सेल घातलेत, थंडीत टिकतील. आणि डावीकडचा तो दगड मी पहारीने उकरून बाजूला केलाय, तेव्हा वसंतात तुम्ही वर यायला हरकत नाही.

तुमचा,
धारेवर बसणारा पुतण्या