सिकेटर (छाटणीची कात्री) पुसणाऱ्या भाऊंना

भाऊ,

फोनवर आभार मानले की तुम्ही "त्यात काय ताई" म्हणून विषय बदलता. म्हणून हे पत्र, सगळ्यांसमोर.

आमच्या नागपूरच्या अंगणातल्या संत्र्याची दशा तुम्ही पाहिलीच. ऐन मे महिन्यात एक माळीबुवा आले, छत्रीसारखा आकार देतो म्हणाले आणि होता नव्हता तेवढा पाला छाटून, पैसे मोजून घेऊन गेले. 45 अंशांच्या उन्हात बुंधा उघडा पडला, साल तडकली. पावसाळ्यात उठले ते नुसते पाणसोट, म्हणजे फळाच्या कामाचे नसलेले फुटवे, सरळसोट आणि काटेरी. फोन केला तर म्हणे, "वाढतंय ना झाड?" आणखी एका जाणकारांनी गेटबाहेरूनच निकाल दिला: तोडा, गाडी लावायला जागा होईल.

तुम्ही म्हणालात, आधी आहेत ती फळं उतरू द्या. डिसेंबरात आलात. सल म्हणजे वाळलेल्या फांद्या काढल्या, पाणसोट बुडापासून काढले. कलमाच्या डोळ्याखालून फुटलेला जोमदार फुटवा बुवांनी तसाच ठेवला होता. तो जंबेरीचा, म्हणजे ज्या लिंबाच्या खुंटावर संत्र्याचं कलम बांधतात त्याचा; त्याला संत्रं कधीच लागायचं नाही, हे तुमच्यामुळे कळलं. मग प्लॅस्टिकच्या बादलीत मोरचूद-चुन्याची पेस्ट कालवून जखमांना आणि बुंध्याला लावलीत.

पण मला सारखं आठवतं ते वेगळंच. तुम्ही आधी कागदी लिंबाची खैऱ्या रोग (पानाफळांवर खरबरीत तपकिरी ठिपके) पडलेली डहाळी काढत होता. संत्र्याकडे वळण्याआधी खिशातून स्पिरिटची बाटली काढलीत आणि सिकेटरची दोन्ही पाती फडक्यानं सावकाश पुसलीत. मी स्वयंपाकघराच्या खिडकीत होते, तुम्हाला दिसत नव्हते. विचारलं तेव्हा म्हणालात, "संत्र्याला खैऱ्या कमीच येतो, पण आपल्या हातानं कशाला न्यावा?" निघताना पिशवी भरण्याआधी पुन्हा पुसलीत, कारण संध्याकाळी दुसऱ्या घरी काम होतं. त्या घरच्यांना हे कधी कळणारही नाही.

हल्ली काम संपायच्या आत फोटो आणि पाच तारे मागणारी माणसं भेटतात, त्यामुळे असलं काही पाहिलं की हात जोडावेसे वाटतात. चांगुलपणा शिल्लक आहे, भाऊ. तो बहुतेक पाठमोरा असतो, म्हणून दिसत नाही.

आंबिया बहराची, म्हणजे हिवाळा सरताना येणारी फुलं आली आहेत. फळ धरलं तर पहिली पिशवी तुमच्याकडे. आंबट निघाली तर तक्रारही तुमच्याकडेच!

तुमची,
लिंबू-संत्रावाली ताई