मने, सही केलीस का नाही तेवढं सांग

मने,

परवा फोनवर जे झालं त्यावर मी काही बोलणार नाही. तू ठेवलास, मी परत लावला नाही, आणि आई आपल्या दोघांवरचा राग भांड्यांवर काढून राजव्वाकडं जाऊन बसली ती जेवणवेळ टळल्यावर आली. फोनवर माझा आवाज चढतो म्हणून टाइप करतोय. चुका काढू नकोस, ह्या नवीन फोनचा कीबोर्ड स्वतःचंच घोडं दामटतो.

एवढंच विचारायचंय. पुण्यात आंदोलनातनं पोलिसांनी तुम्हाला गाडीत घालून नेलं आणि संध्याकाळी सोडलं, बरोबर? सोडताना कुठल्या कागदावर सही घेतली का? वाचून केलीस का नुसतीच केलीस? अशोक वकील म्हणाले, महाराष्ट्र पोलीस कायद्याच्या कलम 68 खाली ताब्यात घेतात, 69 ची नोटीस देतात आणि सोडून देतात, मोर्चेवाल्यांना हे रोजचंच आहे, काळजी करू नका. पण गुन्हा दाखल केला असेल तर गोष्ट वेगळी. मनाई आदेश मोडला म्हणून लावतात ते कलम पूर्वी दंडविधानात 188 होतं, जुलै 2024 पासून नवीन न्याय संहितेत 223 झालंय. बघ, तुझ्यामुळं म्हातारपणी वकिली शिकलालोय.

एफआयआर चोवीस तासाच्या आत साइटवर टाका असं सुप्रीम कोर्टानं पोलिसांना सांगितलंय म्हणे, काही नाजूक प्रकरणं सोडून. मग काय, आई झोपली की मी ती साइट उघडतो, जिल्हा निवडतो, तारीख टाकतो, तो वाकडातिकडा कॅप्चा मला लवकर वाचता येत नाही, चुकतो, परत टाकतो, आणि मग यादी येते. मोटरसायकल चोरीला गेली, हाणामारी, मोबाइल हिसकावला, परत हाणामारी. तुझं नाव नसतं. मग जाऊन पडतो.

फोटो सिद्धूमामानं ग्रुपवर टाकला, “आपली मनी” म्हणून. गाडीच्या जाळीतून तू हसायलीस आणि शेजारी ती हिरव्या लुगड्याची म्हातारी घोषणा देतेय, तिचा हात तुझ्या तोंडावर आलाय. कारखान्यात शिलाईखात्यातल्या बायकांनी माझ्याच फोनवर झूम करून बघितला. शेठनं विचारलं, “मुनीमजी, पोरगी इंजिनिअर हाय म्हणला होता की,” तर मी म्हणलं इंजिनिअरच आहे, बांधकाम कामगारांची सरकारच्या कल्याणकारी मंडळात नोंदणी होत नाही म्हणून बसली होती त्यांच्याबरोबर. असं छाती काढून म्हणलं. मग टॉवेलच्या गठ्ठ्यामागं जाऊन बसलो थोडा वेळ. कशाला ते सांगत नाही.

तू फोनवर म्हणलीस की अप्पा, ज्या घरात बसून मला ओरडताय ते घर कुणी दिलं. बोलायला बरोबर शिकलीस. आज्जीवर गेलीस.

पण आज्जीचं तुला अर्धंच माहितीय. 72 च्या दुष्काळात ती मंगळवेढ्याकडून आली, त्याआधी रोजगार हमीच्या कामावर खडी फोडली, सुकडी खाल्ली, आणि सोलापुरात येऊन विड्या वळायला शिकली ती राजव्वाच्या आईकडं, म्हणून तर तिला मराठीपेक्षा तेलुगूत शिव्या छान यायच्या. मी शाळेतून आलो की माझं काम पानं भिजवून फडक्यात गुंडाळून ठेवायचं. ती पत्र्याचा साचा पानावर ठेवून कात्रीनं कापायची, तंबाखू भरायची, वळायची, दोरा गुंडाळायची, तोंड मोडायची, आणि हे करताना मला पाढे विचारायची, हात थांबायचा नाही. हजार विड्या झाल्या की सूप डोक्यावर घेऊन कारखान्यात. तिथं तपासणारा मूठभर विड्या उचलून छाट म्हणून बाजूला काढायचा. छाट काढलेल्या विड्यांचे पैसे नाहीत, विड्या पण परत नाहीत. एकदा आज्जीनं त्या परत मागितल्या, तर पुढचे कितीतरी दिवस तिला पानंच कमी दिली.

विडी कामगारांचा कायदा 1966 चा होता. घरी बसून वळणारी बाई पण कामगारच, असं त्यात तेव्हाच लिहिलेलं. पण कारखान्याच्या रजिस्टरात तिचं नाव कुठं होतं? नाव नाही म्हणजे फंड नाही, दवाखाना नाही, उद्या कारखानदार म्हणला ही बाई कोण तर दाखवायला कागद नाही. ते नाव चढवायला ती आडम मास्तरांच्या लाल बावटा युनियनमध्ये गेली. मी लहान, तिच्या पदराला धरून मोर्चात. आताचे मोर्चे जिल्हा परिषदेच्या पूनम गेटला बसतात तसेच तेव्हाचे, ऊन तेच, फक्त बाटलीतलं पाणी नव्हतं. ओळखपत्र हातात आलं त्या दिवशी तिनं ते देवापुढं नाही ठेवलं, तांदळाच्या डब्यात ठेवलं, देवापेक्षा डबा सुरक्षित म्हणून.

बघ, तिचा जन्म गेला नाव कागदावर यावं म्हणून, आणि मी रात्री बसून तुझं नाव कागदावर नाही ना हे शोधतोय. हसू नकोस.

घरकुलाचं पण तेच. कुंभारीच्या माळावर दहा हजार घरं, गोदूताई परुळेकरांच्या नावानं, 2006 ला पंतप्रधान मनमोहन सिंग आले होते द्यायला. तू दुसरी-तिसरीत असशील, माझ्या खांद्यावर बसून तुला फक्त हेलिकॉप्टर दिसलं. लोकांना वाटतं मोर्चा निघाला आणि घरं पडली आभाळातून. अगं केंद्राचे थोडे, राज्याचे थोडे आणि बायकांचे स्वतःचे थोडे, ते हप्ते भरायला आज्जीनं डोरलं मोडलं. जागा, मंजुरी, बँक, दिल्लीच्या फेऱ्या, मध्ये सरकारं बदलली, फाइल परत पहिल्यापासून. आणि प्रत्येक बाईची पावती, प्रत्येक बाईचा फोटो. पुढं रे नगर वसाहतीची तीस हजार घरं ठरली, त्यातल्या पंधरा हजारांच्या चाव्या जानेवारी 2024 ला मोदी देऊन गेले. म्हणजे हे पंतप्रधान वेगळे, ते वेगळे, पक्ष वेगळे, लाल बावटा तिसराच, पण खाली रांगेत उभ्या राहिलेल्या बायका त्याच. मला राजकारणातलं एवढंच कळतं.

तू व्हिडिओ पाठवतेस ते सगळे बघतो हं मी, आईला वाटतं मी क्रिकेट बघतोय. श्रीलंकेत लोक राष्ट्रपतीच्या वाड्यात घुसून पोहले ते 2022 चं बघितलं. केनियात पोरांनी टॅक्सच्या बिलाविरुद्ध संसदेत धडक मारली, जून 2024, दुसऱ्याच दिवशी अध्यक्षानं मी सही करत नाही म्हणून सांगितलं. किती खूश होतीस तू तेव्हा, मला नैरोबी कुठं आहे ते नकाशावर दाखवलंस. पण त्याच्यात पोरं मेली की नाही? आणि बांगलादेशचा तो अबू सईद, रंगपूरचा, पोलिसांपुढं दोन्ही हात पसरून उभा राहिलेला आणि गोळ्या लागून मेलेला. तू मला ते “बघा अप्पा, काय धाडस” म्हणून पाठवलंस. मी धाडस नाही बघितलं. तो पोरगा कुणाच्या तरी घरचा पहिला शिकलेला असणार एवढंच माझ्या डोक्यात आलं, आणि मी तो व्हिडिओ डिलीट केला, तरी तो परत परत येतोच कुठल्या न कुठल्या ग्रुपवर.

आपल्याकडचं तर सांगूच नको. दाभोलकर पुण्यातच, सकाळी फिरायला गेलेले, 2013. पानसरे कोल्हापुरात, 2015. त्याच वर्षी कलबुर्गी धारवाडला, घराच्या दारात. एकजण पण दगड घेऊन उभा नव्हता कुठं, बोलत होते, लिहीत होते. तू कुठल्या रस्त्यानं घरी जातेस? रोज एकाच वेळेला जातेस का? ... बरं, नाही विचारत. त्यात नोटीस. ती नोटीस दिली असेल तर त्याच्यावर तारीख आहे का, आणि परत हजर राहा असं काही?

मला विचारशील तर राजस्थानातनं आल्यावर तू जे सांगितलंस ते मला जास्त पटलं. गच्चीवर बसून सांगितलंस, आठवतंय? मजदूर किसान शक्ती संघटनेवाले हजेरीपट घेऊन गावात मांडव टाकायचे आणि कामावरच्या लोकांची नावं मोठ्यानं वाचायचे, हा कामावर आला होता का, ह्याला पैसे मिळाले का, आणि गर्दीतनं आवाज यायचा की अहो तो तर मेलाय. मेलेला माणूस सरकारी हजेरीपटावर माती उचलतोय. 1996 ला ब्यावरला चाळीस दिवस धरणं धरून बसले, आणि 2005 ला माहितीचा अधिकार आला देशाला. त्याच्यात माझं कारकुनी डोकं खूश झालं. हमारा पैसा हमारा हिसाब. असल्या कामाला मी कधी नको म्हणलं का? हिशोब मागणाऱ्या पोरीला मुनीम कसा नको म्हणेल.

आता थोडं माझं ऐक. गर्दी एका दिवसात जमते, राजा पण एका दिवसात पळतो, पण दुसऱ्या दिवशी सकाळी रजिस्टर कोण उघडतं ते बघायचं. वर्गणीची पावती फाडतात का तुमच्याकडं? सभासदांची यादी आहे का, बैठकीचं इतिवृत्त लिहितं का कुणी? संस्थेला पैसा बाहेरचा येत असेल तर तो दिल्लीच्या स्टेट बँकेच्या त्या एकाच शाखेतनं आला पाहिजे आणि पुढं दुसऱ्या संस्थेला द्यायचा नाही, 2020 पासून नियम कडक आहेत, एका चुकीच्या एंट्रीवर आख्खी संस्था अडकते. आणि तो जनसुरक्षेचा कायदा, 2025 च्या जुलैत विधिमंडळात पास झाला, त्यावर तूच मोर्चाला गेली होतीस ना, मग स्वतःला नको का जपायला, पाच-दहा बायका सोबत असल्याशिवाय पोलीस स्टेशनची पायरी चढू नये, सूर्य बुडाल्यावर बाईला अटक करता येत नाही, फारच तसं काही असेल तर महिला अधिकारी आणि मॅजिस्ट्रेटची परवानगी लागते, हे पाठ करून ठेव, वहीत लिही, फोन काढून घेतला तर काय करशील म्हणून दोन नंबर तोंडपाठ पाहिजेत, कोऱ्या कागदावर सही तर कधीच

झालं लेक्चर. राहू दे. तुला हे सगळं माझ्यापेक्षा जास्त येतं हे मला माहितीय, तू त्या बायकांना हेच शिकवतेस. सॉरी. खोडत नाही आता, खोडलं तर परत तेच लिहीन.

नोकरी सोडलीस त्याचा राग होता, खरंच होता. कर्ज काढून शिकवलं हे मी म्हणायला नको होतं असं आई म्हणते. मी म्हणतो म्हणलं तर म्हणलं, कर्ज काढलंच होतं. पण ते फिटलंय, तूच फेडलंस, त्यामुळं तो विषय तसा संपलाय.

खरं सांगू का, ह्या गावात राहून पोरीला गप्प बस म्हणायला तोंड होत नाही. 1930 ला इंग्रजानं मार्शल लॉ लावला होता इथं, गांधींच्या अटकेनंतर. धनशेट्टी, कुर्बान हुसेन, शिंदे, सारडा, चौघांना 12 जानेवारी 1931 ला येरवड्यात फाशी. आज्जी दर 12 जानेवारीला मला चार पुतळ्याला न्यायची, सिद्धेश्वराच्या गड्डा जत्रेच्या गर्दीतनं, आणि कुर्बान हुसेनकडं बोट करून म्हणायची हा कामगारांचा माणूस, पेपर काढायचा. मला आपलं गड्ड्यातल्या पाळण्यात बसायचं असायचं. आणि आता तुला पुण्याला सोडायचं म्हणलं की मी स्वतः पहाटे उठून, शेंगाचटणी आणि कडक भाकरीचा डबा हातात देऊन, कुठल्या गाडीत बसवतो? हुतात्मा एक्सप्रेस. चार फाशी गेलेल्यांच्या नावाची गाडी आणि मी खिडकीतनं सांगतो नीट जा, कुणाच्या भानगडीत पडू नको. गाडी तरी काय म्हणत असेल.

आईचं गुडघ्याचं बरं आहे, इंजेक्शन नको म्हणते. बंडूकाकाच्या पोराचं लग्न ठरतंय, मुलीकडच्यांनी तुझ्याबद्दल विचारलं, काकानं “समाजसेवा करते” म्हणून सांगितलं. मी म्हणलं समाजसेवा नाही, संघटनेचं काम करते. काका म्हणाला एकच की. एकच नाही, हे त्याला सांगायला गेलो तर चहा गार झाला.

तर आता ऐक. शनिवारच्या हुतात्माचं तिकीट काढलंय, वेटिंग आहे, नाही झालं तर एसटीनं येतो. आई पण येतो म्हणते. भांडायला येत नाही. स्टेशनवर न्यायला येऊ नकोस, ऑफिसचा पत्ता नीट पाठव, जवळची खूण लिही. ती हिरव्या लुगड्याची म्हातारी असेल तर तिच्यासाठी चटणी जास्त आणतो, तिला दात आहेत का तेवढं विचारून ठेव म्हणजे भाकरी कडक आणायची का मऊ ते कळेल. आणि तो कागद, असेल तर, व्हॉट्सअ‍ॅपवर टाकू नकोस, मी आल्यावर हातात दे. अशोक वकिलांना दाखवायचाय.

अप्पा