लिस्बनची वकिलात आणि आईचा जन्मदाखला

तीर्थरूप आई-बाबांस,
साष्टांग नमस्कार.

बाबा, परवा फोनवर तुम्ही म्हणालात की गोवा घेतला तेव्हा पोर्तुगालशी आपले संबंध तुटले. खरं तर तेव्हा तुटायला काही उरलंच नव्हतं. गोवा मुक्त झाला १९ डिसेंबर १९६१ ला, आणि वकिलातींना कुलपं लागली होती १९५५ मध्येच. आईच्या दाखल्याचं काम निघालंच आहे, म्हणून सगळं तारखांनिशी लिहिते. त्या कामातला निम्मा घोळ या तारखांमुळेच होतो.

संबंध जुळले १९४९ मध्ये. लिस्बनला आपलं लिगेशन होतं. लिगेशन म्हणजे वकिलातच, पण एक पायरी खालची. तिचा प्रमुख राजदूत नसे, 'मिनिस्टर' दर्जाचा असे. २७ फेब्रुवारी १९५० ला भारताने गोवा, दमण, दीवबद्दल बोलणी करण्याचा लेखी प्रस्ताव दिला. पोर्तुगालचा हुकूमशहा सालाझार, त्याच्या सरकारचं म्हणणं असं की हे आमचे प्रांत आहेत, यात बोलण्यासारखं काही नाही. तीन वर्षं वाट पाहून ११ जून १९५३ ला भारताने लिस्बनचं लिगेशन बंद केलं. इथे बहुतेकांची गल्लत होते, कारण वकिलात बंद करणं म्हणजे संबंध तोडणं नव्हे. आपला माणूस परत आला, पण पोर्तुगालचं दिल्लीतलं लिगेशन चालू राहिलं आणि पणजीतली आपली कॉन्सुलेटही, म्हणजे नागरिकांची कामं बघणारी कचेरी. दोन वर्षं हे एकतर्फी चाललं. मग भारताने दिल्लीतलं लिगेशन ८ ऑगस्ट १९५५ पर्यंत बंद करायला सांगितलं. १५ ऑगस्टला गोव्याच्या हद्दीवर निःशस्त्र सत्याग्रहींवर गोळ्या चालल्या, आणि १ सप्टेंबरपासून पणजीची कॉन्सुलेटही बंद झाली.

अशा वेळी तिसऱ्या देशाला मधे घालतात. पोर्तुगालच्या वतीने दिल्लीत ब्राझील होता, आपल्या वतीने इजिप्त. असा देश इमारत आणि दप्तर सांभाळतो, खलिते पोचवतो, अडकलेल्या नागरिकांची विचारपूस करतो. एवढंच. समोरच्या सरकारवर तो फारसा दबाव आणू शकत नाही. याची किंमत कुणी मोजली ते बाबांना ठाऊक आहे. गोवा मुक्तीसाठी लढणारे सांगलीचे मोहन रानडे १९५५ मध्ये पकडले गेले, पुढे त्यांना लिस्बनजवळच्या काशियासच्या तुरुंगात नेलं. गोवा मुक्त झाला तरी ते आतच. सुटले जानेवारी १९६९ मध्ये, म्हणजे मुक्तीनंतर सात वर्षांनी. त्यांच्यासाठी इथे सुधीर फडके धडपडत होते. ज्या राजधानीत कैदी होता तिथे आपली कचेरी नव्हती.

आता बाबांच्या आवडीचा भाग. वकिलाती बंद असल्या तरी दोन्ही देश हेगच्या आंतरराष्ट्रीय न्यायालयात समोरासमोर उभे होते. १९५४ च्या जुलै-ऑगस्टमध्ये दादरा आणि नगर हवेली मुक्त झाली. हे दोन्ही तुकडे दमणच्या किनाऱ्यापासून आतल्या बाजूला, चहूबाजूंनी भारतीय मुलखाने वेढलेले. पोर्तुगालला तिथे फौज पाठवायची होती आणि भारत वाट देईना. १४ डिसेंबर १९५५ ला पोर्तुगाल संयुक्त राष्ट्रसंघात आला, १९ तारखेला त्याने न्यायालयाचा अधिकार मान्य केला आणि २२ तारखेला दावा ठोकला. घाई बघा. आपल्याकडून ॲटर्नी जनरल मोतीलाल सेटलवाड लढले.

पोर्तुगालचा मुख्य आधार होता पेशव्यांचा! १७७९ चा तह, आणि १७८३ व १७८५ च्या सनदा. त्यांत दमणकरांना बारा हजार रुपये वसुलाची गावं लावून दिली होती. पोर्तुगाल म्हणे, ही गावं आम्हाला सार्वभौम हक्काने दिली. भारत म्हणे, हा सरंजाम आहे, वसूल खायचा हक्क, मालकी नव्हे. मग युरोपातल्या न्यायाधीशांपुढे पुण्याच्या दप्तरी मराठीचा कीस निघाला. १२ एप्रिल १९६० च्या निकालात न्यायालयाने मान्य केलं की मराठ्यांनी फक्त जहागीर किंवा सरंजाम दिला होता. सार्वभौमत्व द्यायचं असतं तेव्हा ते तसे शब्द लिहीत. मात्र पुढे इंग्रजांनी तिथलं पोर्तुगीज राज्य न बोलता मानलं, ते न्यायालयाने धरलं. खाजगी माणसं, मुलकी अधिकारी आणि माल यांना वाट मिळाली, ११ विरुद्ध ४ मतांनी. सैन्य, सशस्त्र पोलीस आणि दारूगोळा यांना नाही, ८ विरुद्ध ७. आणि १९५४ मध्ये भारताने काही चुकीचं केलं नाही, ९ विरुद्ध ६. दोन्ही बाजू आपणच जिंकलो म्हणत घरी गेल्या. माझ्या मते जिंकला तो 'सरंजाम' हा शब्द.

संबंध पुन्हा जुळले ते लिस्बनमध्ये राज्य बदललं म्हणून. २५ एप्रिल १९७४ ला तिथली हुकूमशाही कोसळली आणि ३१ डिसेंबरला दिल्लीत तह झाला. सह्या परराष्ट्रमंत्र्यांच्या, त्यांच्याकडून मारिओ सोआरिश, आपल्याकडून यशवंतराव चव्हाण. त्यातली खुबी बघा. पोर्तुगालने भारताचं सार्वभौमत्व सहीच्या दिवसापासून नाही मानलं, तर आपल्या राज्यघटनेनुसार हे प्रदेश भारतात आले त्या त्या तारखांपासून मानलं. दादरा-नगर हवेली ११ ऑगस्ट १९६१ आणि गोवा-दमण-दीव २० डिसेंबर १९६१. मागची तेरा वर्षं एका वाक्यात नियमित झाली. मालमत्तेचे प्रश्न मात्र पुढच्या बोलण्यांवर सोडले, आणि ते रेंगाळले. गोवेकरांनी बांको नासियोनाल उल्त्रामारिनो या पोर्तुगीज बँकेत गहाण ठेवलेले दागिने १९६१ मध्ये लिस्बनला गेले होते, ते परत यायला १९९१ उजाडलं. पणजीत पोर्तुगालची कॉन्सुलेट १९९४ मध्ये उघडली.

आई, आता तुझं. तुझा जन्म १९५४ चा, म्हापशाचा. १९६२ च्या नागरिकत्व आदेशानुसार २० डिसेंबर १९६१ पूर्वी गोव्यात जन्मलेली माणसं त्याच दिवसापासून भारतीय झाली. नको असेल त्याने महिन्याभरात लेखी कळवायचं होतं. तुझ्या घरी कुणी कळवलं नाही, म्हणजे तू भारतीय. पोर्तुगालने मात्र १९७४ पर्यंत हे मानलं नव्हतं, म्हणून २० डिसेंबर १९६१ आधीच्या गोव्यातल्या जन्माची नोंद लिस्बनच्या मध्यवर्ती नोंदणी कार्यालयात आजही चढवता येते. मावशी जो 'पासपोर्टचा मार्ग' म्हणते तो हाच, त्या नोंदीतून पोर्तुगीज नागरिकत्व घेण्याचा.

दाखला मागताना जन्मसाल, गाव आणि तालुका बार्देश सांग, आणि शक्य असेल तर नोंद क्रमांक. जुनी पुस्तकं पोर्तुगीजमध्ये हाताने लिहिलेली आहेत. त्यांत प्रभू 'पोरोबो' असतात, कामत 'कामोतिम', शेणवी 'सिनाय'. तुझ्या आजच्या कागदांवरचं स्पेलिंग जुळलं नाही तर काम तिथेच थांबतं. म्हणून माहेरचं नाव, लग्नाचा दाखला आणि आजोबांचं नाव, तिन्ही एकत्र पडताळून घ्या.

कॉन्सुलेटच्या कोणत्याही अर्जावर सही मात्र करू नकोस. आपला कायदा दुहेरी नागरिकत्व मानत नाही. स्वेच्छेने दुसरं घेतलं की १९५५ च्या कायद्याच्या कलम ९ प्रमाणे भारतीय नागरिकत्व आपोआप जातं, मग पासपोर्ट परत करा, मतदार यादीतून नाव काढा, घरी राहायला परदेशस्थ नागरिकाचं कार्ड काढा. दाखला आणायला काहीच हरकत नाही. तो हातात आला की दोन्ही बाजूंचा फोटो मला पाठवा, पोर्तुगीज मजकूर मी वाचून कळवते.

तुमची,
लेक