गच्चीच्या उत्तरेच्या कठड्याला

केप टाउन, ऑगस्टअखेर

ती. बाबांस,
सा. न.

तुम्ही फोनवर विचारलं त्या डेझीचं सविस्तर लिहिते. ती नामाक्वालँडची. हा भाग इथून उत्तरेला साडेपाचशे किलोमीटरवर. एरवी रखरखीत माळ. हिवाळी पाऊस झाला की ऑगस्ट-सप्टेंबरात सगळा केशरी. म्हणजे तुमच्याकडे पोळा, तेव्हा इथे फुलं.

ऊन चढल्याशिवाय ती उघडत नाहीत. साडेदहा-अकराला उमलतात, चारच्या सुमारास मिटतात, आभाळ आलं की बंदच. तुमच्या संध्याकाळच्या चहाला त्यांची सोबत नाही, हे आधीच सांगते.

आणि तोंड कायम सूर्याकडे. इथे दुपारचा सूर्य उत्तरेला, म्हणून लोक ऊन पाठीवर घेऊन हिंडतात. नाहीतर फुलांच्या नुसत्या पाठी दिसतात. नागपुरात हिवाळ्यात सूर्य दक्षिणेला कललेला, आणि आपलं फाटकही दक्षिणेला. अंगणात लावलीत तर फुलं समोरच्या काकूंना आणि ओसरीवरून तुम्हाला देठ! त्यापेक्षा गच्चीवर उत्तरेच्या कठड्याला कुंड्या मांडा. दिवसभर ऊन मिळेल, आणि जिन्यातून वर आलात की फुलं तुमच्याकडेच बघतील.

बी इकडून पाठवत नाही, परवानगीशिवाय आणता येत नाही. तिकडच्या नर्सरीत ‘डायमॉर्फोथिका’ मागा, हे या डेझीचंच शास्त्रीय नाव. गझानिया मिळाला तर तोही घ्या, त्याच कुळातला. पेरणी दसऱ्याच्या आसपास, पाऊस पुरता गेल्यावर. आपली काळी माती पाणी धरून बसते, मुळं सडतात. तिच्यात निम्मी कन्हानची रेती घाला. शेणखत मूठभरच, नाहीतर नुसती पानं माजतात. आणि बाबा, तुमचा सकाळ-संध्याकाळचा पाइप यांना नको. बोटाचं पेर मातीत घालून बघा, कोरडं लागलं तरच पाणी. सुकलेली फुलं खुडत राहा.

फेब्रुवारीत थोडी फुलं बियांसाठी राखा. एकाच फुलात दोन तऱ्हेचं बी निघतं: कडेच्या पाकळ्यांचं बारीक काडीसारखं, मधलं चपटं, कागदी किनारीचं. काडीसारखं बी आई कचरा म्हणून पाखडून टाकेल, तिला सांगून ठेवा. एप्रिलच्या उन्हात झाडं जाणारच. हिरवी जाळी बांधून जगवायच्या फंदात पडू नका.

कुंड्या घेण्याआधी गच्चीचा एक फोटो पाठवा. पाण्याची टाकी कुठे आहे ते बघायचंय. हिवाळ्यात तिची सावली लांब होऊन त्याच कठड्यावर पडेल.

आईला नमस्कार.

तुमची,
मनू