तोरिनोचा नवा महापौर आणि माझा जन्मदाखला

तोरिनो (इटली), 24 ऑक्टोबर 2021

ती. आई आणि बाबांस,
सा. न. वि. वि.

बाबा, परवा फोनवर तुम्ही म्हणालात, "तिथं कोण महापौर झाला नि कोण पडला, तुला काय करायचंय?" मी तोंड उघडायच्या आत आईने फराळाच्या पार्सलचा विषय काढला. बरंच झालं. फोनवर मला हे धड सांगता आलं नसतं. तुम्ही मधेच "असू दे, असू दे" म्हणता आणि विषय तिथेच संपतो. म्हणून पत्र. दोघांनी सावकाश वाचा. शेवटी तुमच्याकडे एक कामही आहे.

आधी बातमी. कोजागरीच्या आदल्या दिवशी, सोमवारी, निकाल लागला. स्तेफानो लो रुस्सो निवडून आला. भूगर्भशास्त्राचा प्राध्यापक, आणि तेही मी शिकले त्या पॉलितेक्निकोमध्ये. मला शिकवायला मात्र नव्हता. डाव्या बाजूच्या डेमोक्रॅटिक पक्षाचा. समोर पाओलो दामिलानो, वाइनचा आणि बाटलीबंद पाण्याचा व्यापारी, उजव्या आघाडीचा. तोच पुढे राहणार असं बऱ्याच जणांना वाटत होतं. 13 जण उभे होते. पहिल्या फेरीत कोणालाच निम्म्याहून जास्त मतं मिळाली नाहीत, तर पहिल्या दोघांत पंधरा दिवसांनी पुन्हा मतदान घेतात. पहिल्या फेरीत लो रुस्सोला 44 टक्क्यांच्या आसपास, दामिलानोला 39. दुसऱ्या फेरीत 59 विरुद्ध 41. निकाल एकतर्फी, म्हणायला हरकत नाही. रोममध्येही त्याच दिवशी तसंच झालं. मिलान, नापोली, बोलोन्या तर पहिल्याच फेरीत डावीकडे गेले होते.

आता तुम्ही म्हणाल, महापौर म्हणजे फीत कापणारा, गळ्यात हार घालून फोटोत उभा राहणारा. आपल्याकडे तसंच आहे. खरा कारभार आयुक्तांचा, महापौर नगरसेवकांनी आपापसांत निवडलेला. अडीच वर्षांची मुदत, तीही वाटून घ्यायची, काही महिन्यांनी एकाने राजीनामा द्यायचा म्हणजे पुढच्याच्या घरात गुलाल. आणि आपल्या कोल्हापूर महापालिकेत तर गेल्या नोव्हेंबरपासून सभागृहच नाही, प्रशासक बसलाय. इथे 1993 च्या कायद्यापासून महापौर लोक थेट निवडतात, पाच वर्षांसाठी, आणि सलग दोनदाच. गल्लीतला कचरा, ट्राम, पाळणाघरं, म्युनिसिपल शाळांतलं जेवण, कुठे काय बांधू द्यायचं, सगळं त्याच्या गळ्यात. कारभारी मंडळही तोच नेमतो.

आणि बाबा, ही गंमत तुम्हाला आवडेल. जो महापौर जिंकतो त्याच्या बाजूच्या पक्षांना सभागृहात 60 टक्के जागा कायद्यानेच मिळतात. इथे 40 पैकी 24. उद्या सभागृहाला वाटलं की हा नको, तर अविश्वास ठराव आणता येतो, पण तो मंजूर झाला की महापौराबरोबर सभागृहही बरखास्त. सगळ्यांनीच पुन्हा लोकांपुढे हात जोडायचे. म्हणजे नगरसेवक बसमध्ये भरून गोव्याच्या हॉटेलात नेऊन ठेवायची सोयच ठेवलेली नाही. आपल्याकडे असा कायदा केला तर निम्म्या पुढाऱ्यांना काम उरायचं नाही.

जबाबदारी किती खरी असते हे मात्र मला 2017 मध्ये कळलं. आठवतंय ना, 3 जूनच्या रात्री तुम्ही घाबरून फोन केला होतात? युव्हेंटस या इथल्या फुटबॉल संघाची फायनल पियात्सा सान कार्लो चौकात मोठ्या पडद्यावर दाखवत होते. गर्दीत चोरट्यांनी मिरचीचा फवारा मारला, लोकांना वाटलं बॉम्ब, आणि चेंगराचेंगरी झाली. सगळीकडे बाटल्यांच्या काचा. दीड हजारांवर माणसं जखमी झाली आणि पुढे काही जणांचे जीवही गेले. तेव्हा महापौर होती कियारा आप्पेन्दिनो, फाइव्ह स्टार चळवळीची, वर्षभरापूर्वीच फास्सिनोसारख्या जुन्या मुरलेल्या नेत्याला हरवून आलेली, बत्तीस वर्षांची. पहिल्या फेरीत ती अकरा टक्क्यांनी मागे होती आणि दुसऱ्या फेरीत जिंकली. त्या रात्रीसाठी तिच्यावर खटला झाला, आणि या जानेवारीत खालच्या कोर्टाने तिला दीड वर्षाची शिक्षा सुनावली. पुढे अपिलात काय होईल ते होईल. ती दोषी की नाही हे मी कोण ठरवणार? मला एवढंच दिसलं की कार्यक्रमाचं नियोजन चुकलं तर थेट महापौराला कोर्टात उभं करतात. यंदा ती पुन्हा उभीच राहिली नाही. तिच्या पक्षाची दुसरी उमेदवार होती, तिला 9 टक्के मिळाले.

आई, आता तुझ्या आवडीचं. इलेक्शन ड्यूटी.

खालच्या मजल्यावरच्या आजी (ऐंशीच्या पुढच्या आहेत, काठी घेऊन चालतात) मतदानाला एकट्या जायच्या नाहीत, म्हणून दोन्ही वेळा मी बरोबर गेले. मतदान केंद्र शाळेतच असतं, अगदी आपल्यासारखं. भिंतीवर मुलांनी रंगवलेली शरदातली पानं, त्याखाली पुठ्ठ्याचे आडोसे. मतदार याद्या पुरुषांच्या वेगळ्या, बायकांच्या वेगळ्या. बोटाला शाई नाही. प्रत्येकाकडे घडीचं मतदार कार्ड असतं, त्यावर 18 चौकोन, दर मतदानाला एकात शिक्का. आजींच्या कार्डावर आता दोनच चौकोन उरलेत. भरले की नवं कार्ड मिळतं, पण त्या म्हणतात, "हेच पुरेल." मोबाइल टेबलावर ठेवायचा, मतपत्रिका आणि एक पेन्सिल घ्यायची. हो, पेन्सिल! न पुसली जाणारी, सरकारने पुरवलेली, मत दिलं की परत करायची. आजींनी पहिल्या वेळी ती चुकून पर्समध्ये टाकली, तर केंद्रप्रमुख बाई टेबलावरून उठून आल्या.

पहिल्या फेरीची मतपत्रिका उलगडली की टेबल झाकून टाकते, इतके पक्ष आणि इतकी चिन्हं. महापौराच्या नावावर फुली मारायची, पक्षाच्या चिन्हावर वेगळी. एकाचा महापौर आणि दुसऱ्याचा पक्ष असंही चालतं. शिवाय नगरसेवकाचं आडनाव आपल्या हाताने लिहायचं. दोन नावं लिहिता येतात, पण एक पुरुष आणि एक बाई हवी. दोन्ही पुरुष लिहिले तर दुसरं बाद. आपल्याकडे निम्मे वॉर्डच बायकांना राखीव आहेत, म्हणजे आपण एक पाऊल पुढे आहोत, पण निवडून आलेल्या बाईऐवजी तिचा नवराच पालिकेत बसतो हे तू मला सांगू नकोस.

सगळ्यात तुला धक्का बसेल तो पुढे. आमच्या लहानपणी तू मतपेटी लाख लावून सील करून जमा करायचीस आणि मध्यरात्री ट्रकमधून घरी यायचीस. पेटी एकदा जमा झाली की तू मोकळी. इथे मतदान रविवारी सकाळी 7 पासून रात्री 11 पर्यंत, आणि सोमवारी पुन्हा 7 पासून दुपारी 3 पर्यंत. तीन वाजले की दार लावायचं आणि त्याच वर्गात, त्याच माणसांनी, तीच पेटी उघडून मोजायला बसायचं. पक्षांचे प्रतिनिधी समोर. शहरभर अशी नऊशेच्या वर केंद्रं. दुसऱ्या फेरीत दोनच नावं असतात, त्यामुळे संध्याकाळ व्हायच्या आत कोण जिंकलं ते कळलं. तू असतीस तर म्हणाली असतीस, दोन दिवस बसून वर मोजणीपण? भत्ता किती?

पण माणसं आली नाहीत गं. पहिल्या फेरीला 48 टक्के, दुसऱ्या फेरीला 42. बारिएरा दी मिलानोसारख्या कामगारांच्या वस्तीत त्याहून कमी. बाबा, तुम्ही शिरोलीच्या फाउंड्रीत जन्म काढलात, तुम्हाला हे कळेल. मिराफिओरीच्या फियाट कारखान्यात एके काळी पन्नास हजारांहून जास्त माणसं होती. पाळी सुटली की ट्रामला लटकायला जागा नसायची असं आजी सांगतात, त्यांचे यजमान तिथेच होते. आता 4 नंबरची ट्राम त्या लांबलचक भिंतीच्या बाजूने जाते तेव्हा आत बसायला जागाच जागा. फियाट या जानेवारीत फ्रेंचांबरोबर एक झाली, कंपनीच्या नोंदणीचा पत्ता तर त्याआधीच नेदरलँड्सचा झाला होता. विजेवरची छोटी फियाट इथे बनते, पण तेवढ्याने ती वस्ती परत उभी राहणार नाही. यंदा प्रत्येक उमेदवार रोजगार आणतो म्हणत होता. महापौराच्या हातात कारखाना कुठे असतो? लोकांना ते ठाऊक आहे, म्हणून निम्मे घरीच बसले. मला त्यांचा राग येत नाही. ऑफिसमधला एक जण मात्र "मी शेवटचं मत कधी दिलं आठवत नाही" असं मोठ्या ऐटीत सांगत होता, त्याचा आला.

कारण मी त्या शाळेच्या बोळात आजींची पर्स आणि काठी धरून उभी होते. मला मत नाही. आमच्या जिन्यातल्या रुमानियन बाईला आहे. युरोपीय संघातल्या कुणालाही, वेळेत नाव नोंदवलं की, जिथे राहतो त्या गावची पालिका निवडता येते. मी तिच्या आधीपासून या गल्लीत राहते, पगारातून पालिकेचा कर वेगळा कापला जातो, छोटी त्यांच्याच बालवाडीत जाते, तिची फी किती घ्यायची ते तेच ठरवतात. आणि तिकडे कोल्हापुरात, इतक्या वर्षांत एकाही मतदानाला मला येता आलं नाही. म्हणजे मी कुठलीच मतदार नाही. बाबा, तुम्ही म्हणता आपण तिथे पाहुणे. इतकी वर्षं कर भरणारा पाहुणा मी तरी पाहिला नाही.

तेव्हा मी इथल्या नागरिकत्वासाठी अर्ज करायचं म्हणते. दहा वर्षं सलग राहिलं की करता येतो, ती या महिन्यात पूर्ण झाली. भाषेची परीक्षा मी मागेच दिली आहे. निकाल लागायला दोन-तीन वर्षं जातात, म्हणजे पुढच्या पालिका निवडणुकीपर्यंत होऊन जाईल. ते मिळालं की छोटीलाही आपोआप मिळतं, कारण ती माझ्याजवळ राहते आणि अल्पवयीन आहे. जावयांचं मन होत नाही, ते भारतीयच राहणार म्हणतात. आमची त्यावरून भांडणं वगैरे नाहीत, दोन पासपोर्ट कपाटात शेजारी राहतील.

मला माहीत आहे तुम्हाला कुठे लागणार आहे. आपला निळा पासपोर्ट परत करावा लागेल, भारत दोन नागरिकत्वं ठेवू देत नाही. माझा पहिला पासपोर्ट आला तेव्हा बाबा, तुम्ही तो देवापुढे ठेवला होतात. मी हे हसत लिहीत नाही. परदेशी नागरिक झालेल्या भारतीयांना देतात ते ओसीआय कार्ड मिळेल, व्हिसाशिवाय केव्हाही येता येईल, हवं तितकं राहता येईल. मत तेवढं देता येणार नाही, आणि शेतजमीन विकत घेता येणार नाही. काका नक्की तुमच्या कानाशी लागतील की पोरगी परदेशी झाली, सातबाऱ्यावरून नाव गेलं. तसं नाही. वारसाने आलेली जमीन ठेवता येते. त्यांना सांगा, किंवा मला फोन करायला सांगा.

तुम्ही नको म्हणालात तर मी लगेच ऐकेन असं खोटं लिहीत नाही. पण तुमच्या मनात काय आहे ते ऐकल्याशिवाय अर्जाचे 250 युरो भरणार नाही, एवढं नक्की. "असू दे" सोडून काहीही बोला.

आणि हे ते काम. माझा जन्मदाखला लागेल, त्यावर परराष्ट्र खात्याचा अपॉस्टिल शिक्का (म्हणजे दाखला परदेशात खरा धरतात), मग इटालियन भाषांतर. भाषांतराचं मी बघते, पोलिसांच्या दाखल्यासाठी मिलानच्या आपल्या वकिलातीत विचारते. पण जन्माची नोंद महापालिकेतच निघेल. तेव्हा बारशाआधीच नोंद व्हायची, त्यामुळे नावाच्या जागी नुसतं "मुलगी" असण्याची शक्यता आहे. तसं असेल तर आधी नाव चढवून घ्यावं लागेल, त्याला शाळेचा दाखला लागतो, तो माळ्यावरच्या निळ्या पेटीत आहे. घाई नाही, दिवाळीनंतर जा, आणि गर्दीत मास्क काढू नका. आईचं नाव त्यात माहेरचं लागलंय की सासरचं तेही बघून ठेवा. इथली कचेरी एका अक्षराच्या फरकाने सगळा अर्ज परत पाठवते.

तुमची लेक