अरासातेहून आप्पांना : सभासद कोणाला म्हणायचे?

अरासाते (मोंद्रागोन), स्पेन

तीर्थरूप आप्पांस,
कृतानेक शिरसाष्टांग नमस्कार, विनंती विशेष.

मालकाशिवाय कारखाने चालवणारे हे गाव खरोखर तसे आहे का, आणि असल्यास तेथेही शेवटी आपल्या सहकारी साखर कारखान्यासारखेच होते का, असे तुम्ही गेल्या रविवारी फोनवर विचारलेत. तेव्हा मला नीट उत्तर देता आले नाही, म्हणून सविस्तर लिहिते आहे.

हे गाव डेबा नदीच्या अरुंद खोऱ्यात आहे. चारी बाजूंनी डोंगर असल्यामुळे कारखाने, शाळा आणि घरे एकमेकांना खेटून उभी आहेत. यादवी युद्धानंतरच्या हलाखीत, 1941 साली, होसे मारिया अरिस्मेंदिअरिएता नावाचे तरुण धर्मगुरू येथे आले. त्यांनी कारखाना काढला नाही, 1943 मध्ये मुलांसाठी तंत्रशाळा काढली. त्या शाळेतून पुढे गेलेल्या पाच जणांनी 1956 मध्ये स्टोव्ह बनवणारी उल्गोर ही पहिली सहकारी संस्था सुरू केली, आणि त्या पाचांच्या आडनावांच्या आद्याक्षरांवरून तिचे नाव ठेवले गेले. 1959 मध्ये त्यांची स्वतःची बँक आली. खोऱ्यातल्या लोकांची बचत खोऱ्यातच नव्या संस्था उभ्या करण्यासाठी वापरावी, हा तिचा हेतू होता. सरकारी विमा योजनेत अशा सभासदांना जागा नव्हती, म्हणून आजारपणाची आणि म्हातारपणाची तरतूदही त्यांनी स्वतःच उभी केली. बास्क भाषेत शेजाऱ्यांनी मिळून करायच्या कामाला ‘औसोलान’ म्हणतात. तो शब्द प्रथम ऐकला तेव्हा मला आजोबांच्या वेळची इर्जिक आठवली.

आता तुमच्या प्रश्नाच्या गाभ्याकडे येते. साध्या कंपनीत ज्याचा पैसा त्याचे मत, आणि कामगार त्या पैशाने आणलेला असतो. येथे जो काम करतो तोच सभासद होतो, आणि पैसा बाहेरून आणला तरी त्याला फक्त व्याज मिळते, मत मिळत नाही. नव्या सभासदाला सुमारे 15,000 युरो भरावे लागतात. ते पगारातून हप्त्याने कापून घेतात, पण कोणी कितीही भरले तरी मत एकच. सर्वसाधारण सभा संचालक मंडळ निवडते आणि मंडळ व्यवस्थापकाला नेमते, म्हणजे ज्याच्या हाताखाली आपण काम करायचे त्याला पुढच्या वेळी बदलणे कामगारांच्या हाती असते. सर्वात कमी आणि सर्वात जास्त वेतनात सुरुवातीला एकास तीन असे प्रमाण होते, आता बहुतेक संस्थांत ते फार तर एकास सहापर्यंत जाते. नफ्याचा काही भाग राखीव निधीत आणि काही शिक्षण व समाजकार्यात जातो. उरलेला प्रत्येकाच्या खात्यावर चढतो, पण हातात मिळतो तो निवृत्तीच्या वेळी. तोटा झाला तर तोही त्याच खात्यावर पडतो.

आपल्याकडे 1950 मध्ये विठ्ठलराव विखे पाटील आणि धनंजयराव गाडगीळ यांनी प्रवरेचा कारखाना उभा केला, तेव्हा व्यापाऱ्याच्या आणि सावकाराच्या तावडीतून शेतकरी सोडवणे ही मोठी गोष्ट होती, आणि ती आजही मी मोठीच मानते. त्याच साखरेवर आपले घर उभे राहिले, आणि मी शिकले तेही त्याच पैशावर. पण आप्पा, आपल्या कारखान्यात सभासद तो, ज्याच्याकडे जमीन आणि ऊस आहे. साखर बनवणारा कामगार सभासद नाही, आणि ऊस तोडणारा तर हिशेबात फक्त खर्च म्हणून येतो. तोडणी-वाहतुकीचा खर्च आपल्या एफआरपीतून, म्हणजे सरकारने ठरवलेल्या उसाच्या किमान दरातून, वजा होतो, म्हणून तोडणी कामगारांनी दर वाढवून मागितला की तो आपल्या खिशातून जातो आहे असे आपल्याला वाटू लागते. लहानपणी बांधावर ज्यांच्या खोपी पडायच्या ती बीडकडची माणसे मुकादमाकडून उचल घेऊन यायची. ती उचल फिटेपर्यंत नवरा-बायको मिळून एक कोयता म्हणून राबायची. त्यांच्यातली माझ्याच वयाची एक मुलगी धाकट्या भावाला मांडीवर घेऊन बसलेली असायची आणि मी दप्तर घेऊन तिच्यासमोरून शाळेत जायचे. सहकाराचा तेवढा जयघोष ऐकत मोठी झाले, पण तिच्या आईला सर्वसाधारण सभेत जागा का नाही, हा प्रश्न मला इतक्या दूर आल्यावर पडला, याचे दुःख वाटते.

येथेही सगळे आलबेल आहे असे मी म्हणणार नाही. 1974 मध्ये उल्गोरमध्ये संप झाला, तेव्हा त्याचे पुढारपण करणाऱ्यांना संस्थेतून काढून टाकले गेले आणि सर्वसाधारण सभेनेच त्यावर शिक्कामोर्तब केले. त्यांना परत घ्यायला काही वर्षे लागली. तीच संस्था पुढे फागोर नावाने फ्रिज आणि वॉशिंग मशीन करू लागली. तिने 2005 मध्ये फ्रान्समधली ब्रांट कंपनी विकत घेतली, मग स्पेनमधला घरबांधणीचा बाजार कोसळला, आणि 2013 मध्ये ती बुडाली. येथल्या बहुतेक सभासदांना इतर सहकारी संस्थांनी सामावून घेतले किंवा मुदतीपूर्वी निवृत्ती दिली. साध्या कंपनीत असे झाले नसते, आणि या व्यवस्थेची ताकद मला तेथे सर्वात स्पष्ट दिसते. पण पोलंड आणि फ्रान्समधल्या तिच्याच कारखान्यांतले कामगार सभासद नव्हते, म्हणून त्यांना हा आधार मिळाला नाही. संस्थेला विश्वासाने पैसे उसने देणाऱ्या निवृत्तांची पुंजीही अडकली.

समाजवादी विचारवंत रोझा लुक्सेंबुर्ग यांनी शतकापूर्वीच इशारा दिला होता की, बाजारात स्पर्धा करणाऱ्या सहकारी कारखान्यातल्या कामगारांना स्वतःशीच भांडवलदारासारखे वागावे लागते. तो इशारा मला अर्धा खरा वाटतो. स्पर्धेचा दाब येतो तेव्हा आत असलेले लोक स्वतःचे वेतन कमी करून घेतात, हे येथे घडले आहे, पण त्याआधी तो दाब बाहेरच्यांवर ढकलला जातो. मी स्वतः येथे कंत्राटावर आहे आणि सभासद नाही. जेवणाच्या टेबलावर सगळे मला प्रेमाने वागवतात, पण सभेच्या दिवशी मी यंत्रशाळेत एकटी उरते.

म्हणून भांडवलशाहीला पर्याय काय, या प्रश्नाआधी मला दुसरा प्रश्न महत्त्वाचा वाटू लागला आहे, तो असा की, आतला कोण आणि बाहेरचा कोण, हे कोण ठरवते? ते बदलता येते, याचा पुरावा आपल्याच देशात आहे. केरळात वडकराजवळ समाजसुधारक वाग्भटानंदांच्या अनुयायी मजुरांनी 1925 मध्ये उरालुंगल ही संस्था काढली. ती आज रस्ते आणि पूल बांधते, आणि बांधणाऱ्या मजुरांतूनच तिचे सभासद होतात.

आप्पा, आपल्या कारखान्याची वार्षिक सभा दोन महिन्यांवर आली आहे. अहवाल वाचला जाईल आणि समोरून ‘मंजूर, मंजूर’ असा आवाज येईल. त्या वेळी तुम्ही उठून एवढेच विचारावे की, दर हंगामात आपल्या गटात येणाऱ्या तोडणी कामगारांची नावे कारखान्याच्या नोंदीत आहेत का, की फक्त मुकादमांची आहेत. चुलते रागावतील, हे मला ठाऊक आहे. नियमांची प्रत मिळाली तर त्यातले सभासदत्वाचे कलम फोटो काढून पाठवा, म्हणजे येथल्या नियमांशेजारी ठेवून वाचीन.

आईच्या गुडघ्यांचे काय झाले, तेही कळवा. तिला माझा नमस्कार सांगा, धाकट्यांना आशीर्वाद.

तुमची लेक